लाकडाचा दम

“नऊ वाजून बारा मिनिटं! टेकव ब्रश,” आप्पासाहेब नेर्लेकरांनी मनगटावरचं घड्याळ डोळ्यांजवळ नेऊन हुकूम सोडला.

मी ब्रश टेकवला. बाजीमामांनी नारळ फोडला. पाणी लाकडावर सांडू नये म्हणून मी आधीच बादली तयार ठेवली होती, ते पाणी तिच्यात गेलं. पूर्वेच्या चारही खिडक्यांतून कोवळं ऊन आत आलं होतं आणि त्या उन्हात सागवानाच्या फळ्यांवर इपॉक्सीचा पहिला पट्टा असा काही चमकला, की मीच माझ्यावर खूश झाले. आप्पासाहेब माझ्यापेक्षा जास्त खूश झाले, कारण मुहूर्त त्यांनी काढला होता.

सतरा वर्षांपूर्वीचा हा जानेवारी. तेव्हा मी सव्वीस वर्षांची होते, केमिस्ट्रीची पदवीधर होते आणि मला सगळं कळत होतं. अब्बा रंगकामाची कंत्राटं घ्यायचे. इपॉक्सीचं, म्हणजे जमिनीवर पारदर्शक टणक थर द्यायचं, काम त्यांनी नाइलाजानं माझ्यावर सोपवलं होतं, कारण दोन डब्यांतलं रसायन मोजून मिसळायचं, चाळीस मिनिटांच्या आत पसरायचं, नाहीतर ते बादलीतच दगड होऊन बसतं, ही भानगड त्यांना पटत नव्हती. “रंग म्हणजे पाणी घाल, ढवळ आणि लाव,” असं त्यांचं म्हणणं. त्यांच्याकडचे बाजीमामा मदतीला होते. मामा पन्नाशीचे, तीस वर्षं ब्रश धरलेले, आणि माझ्या पदवीकडे ते जरा संशयानंच बघायचे.

गडहिंग्लजमधल्या एका जुन्या संस्थेचं हे काम. खाली वाचनालय आणि वर कुमुदताई देवस्थळींचा कथकचा वर्ग. वरच्या दालनाला फळ्यांची जमीन होती, एकतीस वर्षांची. नाचून नाचून ती जागोजागी सोलवटली होती आणि दिवाळीच्या सुमारास एका मुलीच्या तळव्यात लाकडाचं बोटभर कुसळ घुसलं. मुलीच्या वडिलांनी संस्थेत येऊन रान उठवलं. त्याबरोबर कार्यकारी मंडळाचा ठराव झाला, की फळ्या उखडायच्या आणि चकचकीत टाइल्स बसवायच्या. आप्पासाहेब संस्थेचे अध्यक्ष. टाइल्सवाल्याला त्यांनी सोमवारची तारीखसुद्धा देऊन टाकली.

ताईंनी मात्र ठाण मांडलं. टाइल्स बसल्या तर मी वर्ग बंद करीन, असं त्यांनी सांगून टाकलं. दगडावर पाय आपटून मुलींचे गुडघे वयाच्या तिशीत निकामी होतात, हे त्यांचं कारण. शेवटी तडजोड निघाली. सोमवारच्या आत जमीन गुळगुळीत आणि टणक करून दाखवली तर ती राहील, नाहीतर टाइल्स. ते करून दाखवायचं काम माझ्याकडे आलं.

ताई मला पहिल्या भेटीतच आवडल्या नाहीत. पासष्टीच्या, काठीसारख्या सरळ, आणि बोलताना समोरच्याच्या तोंडाकडे अशा रोखून बघायच्या की आपण काही चोरलंय असं वाटावं. गुरुवारी मी जमीन घासत होते. मशीनचा भुगा नाकातोंडात जाऊ नये म्हणून ओढणी नाकावरून घट्ट बांधली होती. ताई आल्या आणि म्हणाल्या, “ते आधी सोड. तोंड झाकलेल्या माणसाशी मला बोलता येत नाही.”

मी शिकलगारांची, मुसलमान घरातली मुलगी. ओढणीबद्दल कुणी असं बोललं की आमच्या घरात त्याचा एकच अर्थ निघतो. मी ओढणी सोडली, पण मनात गाठ मारून ठेवली. नंतर बाजीमामांनी आणखी भर घातली. म्हणे, या बाईंनी भर सभेत आप्पासाहेबांना मिशा कातरून यायला लावलं होतं. ओठांवर आलेल्या मिशा गबाळ्या दिसतात म्हणून. “अध्यक्षाला! सगळ्यांम्होरं! आनि त्यो गडी दुसऱ्या दिवशी कातरून आला की,” मामा म्हणाले.

“किती जाड लावणार आहेस?” ताईंनी त्याच दिवशी विचारलं होतं.

“दोन मिलिमीटर. काचेसारखं दिसेल.”

“पातळ नाही का लावता येत?”

“पातळ टिकत नाही, ताई,” मी अगदी ठासून सांगितलं. मला काहीच माहीत नव्हतं, पण ठासून सांगायला तेवढं लागत नाही.

शुक्रवारी त्या शुभमुहूर्तावर मी आणि मामांनी अर्धं दालन केलं. डब्यांबरोबर आलेल्या कागदावर हवेची उष्णता, दमटपणा, सगळं काय असावं ते छापलं होतं आणि ते सगळं तंतोतंत जुळत होतं. साडेदहाला आम्ही खिडकीपाशी चहा घेत बसलो. आप्पासाहेब घड्याळाला किल्ली देत बसले होते.

“रेहाना,” बाजीमामा हळूच म्हणाले, “ह्ये काय व्हायला लागलंय?”

पहिल्यांदा एक बुडबुडा आला. मग दहा. मग बघता बघता सगळ्या पट्ट्यावर बारीक बारीक फुगे उठले. मी काटेरी रोलर घेऊन धावले. या टोकाचे फोडावेत तोवर त्या टोकाला नवे तयार. खालून कुणीतरी फुंकतंय असे ते येत होते. अकराच्या सुमाराला थर घट्ट होऊ लागला आणि फुगे तसेच आत अडकले. काचेसारखी जमीन होणार होती, ती भाजलेल्या पापडासारखी झाली.

आप्पासाहेब उठून आले, वाकून बघितलं आणि म्हणाले, “मुहूर्तात काही खोट नव्हती.”

“नव्हती,” मी म्हणाले.

“मग सोमवारी टाइल्स.”

दारातून बघत असलेल्या ताई त्यांच्यासमोर जाऊन उभ्या राहिल्या. “सोमवार अजून यायचाय, आप्पासाहेब. रविवार संध्याकाळपर्यंत जमीन माझी आहे.”

“ताई, अहो, पोर लहान आहे. तिला जमलं नाही. उगाच हट्ट कशाला?”

“पुन्हा करेल,” ताई म्हणाल्या आणि माझ्याकडे वळल्या. “करशील ना?”

कसं करणार ते मला ठाऊक नव्हतं, कारण काय चुकलं हेच कळलं नव्हतं. तरी मी मान हलवली. अब्बांसमोर रडत जाण्यापेक्षा ते सोपं होतं.

शनिवारी सकाळपासून मी आणि मामा तो पापड खरवडत होतो. गरम हवेच्या बंदुकीनं थर मऊ करायचा, पट्टीनं सोलायचा, मग मशीन फिरवायचं. दहाच्या सुमाराला जिन्यावर काठीचा आवाज झाला आणि एक म्हातारे गृहस्थ वर आले. धोतर, डोक्याला पटका, काखेत फडक्यात गुंडाळलेलं हातभर लांबीचं लाकूड. त्यांच्यामागून ताई आल्या.

“हे केरबाआण्णा सुतार. ही जमीन यांनी केली,” ताई म्हणाल्या. “आण्णा, ही रेहाना.”

आण्णांनी माझ्याकडे बघितलंच नाही. ते आधी जमिनीवर गुडघे टेकून बसले आणि ऐंशी वर्षांचा हात त्यांनी फळीवरून असा फिरवला, जसा दूरगावी दिलेल्या लेकीच्या पाठीवरून फिरवतात.

“कोट कवा लावलास, पोरी?”

“काल सकाळी सव्वानऊला.”

“उनाच्या वक्ताला?”

“मुहूर्त होता.”

आण्णा हसले. तोंडात तीन दात होते, पण हसणं मोठं होतं. “मुहूर्त मानसाचा बघिटला. लाकडाचा कुनी बघायचा?”

त्यांनी फडकं सोडलं. आत याच जमिनीतलं उरलेलं फळकूट होतं, एकतीस वर्षं घरात जपलेलं. खिडकीत ऊन होतं तिथं त्यांनी ते ठेवलं आणि कमरेची कुपी काढून त्यावर गोड्या तेलाचा रुपयाएवढा थेंब सोडला.

“आता बस हितं. आनि बघ.”

मी मनातल्या मनात घड्याळ बघत होते. केवढं काम पडलं होतं. पण पाचेक मिनिटांत फळकूट तापलं, आणि तेलाच्या त्या थेंबातून टाचणीच्या टोकाएवढा एक बुडबुडा वर आला. त्याच्यामागून दुसरा. मग त्यांची रांगच लागली. मेलेल्या, वाळलेल्या, एकतीस वर्षांपूर्वी कापलेल्या लाकडातून हवा बाहेर येत होती. माझ्या अंगावर सरसरून काटा आला.

“लाकूड दम सोडालंय,” आण्णा म्हणाले. “सकाळी ऊन चढलं की आतली हवा फुगतीया, भाईर येतीया. तू तिच्या तोंडावर कोट लावलास. मग ती जानार कुठनं?”

“आणि मग? लावायचं कधी?”

“चारला बोलिव मला.”

दुपारी मी फळकूट पश्चिमेच्या खिडकीत सरकवलं होतं; चार वाजता तिथलंही ऊन गेलं. फळकूट गार पडायला लागलं. आण्णांनी तेलाचा नवा थेंब सोडला. या वेळी एकही बुडबुडा आला नाही. थेंब थोडा वेळ तसाच राहिला, मग कडेनं आत जाऊ लागला. लाकडाच्या रेघा एकेक करून गडद होत गेल्या आणि थोड्या वेळानं वर फक्त ओलसर डाग उरला.

“आता दम घेतंय,” आण्णा म्हणाले.

तीन वर्षं मी कॉलेजात वायूंचे नियम शिकले होते. तापलं की फुगतं, निवलं की आकसतं, हे मी परीक्षेत तीनदा लिहून गुण मिळवले होते. तो नियम माझ्या पायाखालच्या लाकडाला लागू आहे, हे मला कधी सुचलंच नव्हतं. मी त्या म्हाताऱ्या माणसाकडे बघत राहिले. मला त्यांच्या पाया पडावंसं वाटलं आणि मी पडले. ते म्हणाले, “ऊठ, ऊठ, काम कर.”

तर उरला रविवार. घासून, पुसून, जमीन रविवारी दुपारी तयार झाली. साडेचारला ऊन उतरणार, सहाला दंव पडायला लागणार. गडहिंग्लजच्या जानेवारीत संध्याकाळी हात लावाल तिथं गारवा लागतो, आणि दंवात लावलेला थर पांढरा पडतो. म्हणजे साडेचार ते सहा, एवढीच काय ती वेळ.

साडेतीनला आप्पासाहेब वर आले. काय ठरलंय ते ऐकलं, आणि त्यांचा चेहरा पडला.

“रविवारी साडेचार ते सहा? अहो, तो राहुकाळ!”

“म्हणजे?” मी विचारलं.

“म्हणजे काही सुरू करायचं नाही. मुहूर्तावर केलेलं फसलं, आता राहुकाळात करता? मी संस्थेचा अध्यक्ष म्हणून हे होऊ देणार नाही.”

त्यांची तक्रार खोटी नव्हती. माणूस मनापासून घाबरला होता. बोअरवेलची मोटारसुद्धा त्यांनी कधी राहुकाळात चालू केली नव्हती. मामा माझ्याकडे बघायला लागले, मी आण्णांकडे, आणि आण्णा छताकडे.

ताई त्यांच्या समोर, हातभर अंतरावर उभ्या होत्या. “आप्पासाहेब, राहुकाळात काम सुरू करायचं नाही. बरोबर?”

“बरोबर.”

“आधीपासून चालू असलेलं काम मध्येच थांबवतात का?”

आप्पासाहेब जरा घुटमळले. “नाही. चालू असेल तर... नाही थांबवत.”

“मग सव्वाचारला सुरू करू. त्या कोपऱ्यात ऊन येतच नाही. तळहाताएवढी जागा करायची. पुढचं नुसतं चालू राहील.”

“ही पळवाट झाली, ताई.”

“वाट आहे ना? मग झालं.”

आप्पासाहेब खुर्ची ओढून दारात बसले आणि घड्याळ काढून हातात धरलं. “सव्वाचारच्या पुढं एक मिनिट गेलं तर मी जबाबदार नाही,” ते म्हणाले.

मी आणि आण्णा रसायन पातळ व्हावं म्हणून डबे मागच्या गच्चीवर उन्हात ठेवत होतो. ताई गच्चीच्या दाराच्या आत, पाठमोऱ्या उभ्या होत्या. मी म्हणाले, “आण्णा, आता फुगे येणार नाहीत. दोन मिलिमीटर लावून टाकते. पुन्हा कुणी बोलायला नको.”

आण्णांनी माझं मनगट धरलं. “जाड नगं. लाकडात मुरंल तेवढंच लाव. जाड लावलंस तर बाईंचं कान जातील.”

“कान? जमिनीचा आणि कानांचा काय संबंध?”

आण्णांनी दाराकडे तोंड करून मोठ्यानं हाक मारली, “बाई!”

चार हातांवर उभ्या असलेल्या ताई हलल्या नाहीत.

“बाई!”

खालून रस्त्यानं जाणारा एक माणूस वर बघायला लागला. ताई तशाच. मग आण्णा उंबऱ्याच्या आत गेले आणि उजव्या पायाची टाच फळीवर दोनदा आपटली. ताई तत्काळ वळल्या. “काय आण्णा?”

“काय न्हाई. डबं तापलं,” आण्णा म्हणाले.

ताई पुन्हा पाठमोऱ्या झाल्या. मी गच्चीत मटकन खाली बसले.

“अकरा वर्सं झाली,” आण्णा माझ्या शेजारी टेकत हळू आवाजात म्हणाले. “कसला तरी ताप आला, आनि दोन्ही कान गेलं. पाक गेलं. तोंड बघून बोलनं वळखतात. आनि नाच पायानं ऐकतात. पोरी नाचताना फळ्यांतनं येतंय ते तळव्याला कळतंय. स्पीकरबी उपडा घालून ठेवतात जमिनीवर, बघिटला न्हाईस?”

बघितला होता. कुणाचा तरी वेंधळेपणा म्हणून मीच तो सरळ करून ठेवला होता.

“संस्थेला माहीत आहे?”

“मला म्हाईत हाय. आता तुला. संस्थेला कळलं तर शाल आनि नारळ दिऊन घरी बसवतील. टाइल्स बसल्या तरी तेच. फरशीतनं काय कळनार?”

मला माझी ओढणी आठवली. मनात मारून ठेवलेली ती गाठ आठवली. आप्पासाहेबांच्या कातरलेल्या मिशा आठवल्या. माझी मलाच इतकी लाज वाटली की तोंड वर करवेना. अकरा वर्षं ही बाई पोरींच्या पावलांतली चूक दाखवत होती, कुठला पाय उशिरा पडला, कुठली मात्रा हुकली ते सांगत होती, आणि ते सगळं ती पायाच्या तळव्यांनी ऐकत होती. ताई गेल्याला आता चार वर्षं झाली, आण्णा तर त्यांच्याही आधी गेले, म्हणून हे सांगतेय. आजवर मी कुणाला सांगितलेलं नाही, अब्बांनासुद्धा नाही.

“सव्वाचार!” दारातून आवाज आला.

मी धावले. कोपऱ्यात तळहाताएवढी जागा केली. आप्पासाहेबांनी मान डोलावली, आणि मग आम्ही ऊन उतरायची वाट बघत बसलो. चार पस्तीसला शेवटचा कवडसा जमिनीवरून सरकून भिंतीवर चढला. आण्णांनी फळीवर हात ठेवला, थोडं थांबले आणि म्हणाले, “हं. आता.”

मी मिसळलं, मामांनी ओतलं, मी रबरी पट्टीनं ओढलं. ओढलं म्हणजे जवळजवळ पुसूनच काढलं, इतकं पातळ. श्वास रोखून मी पहिल्या पट्ट्याकडे बघत होते. बुडबुडा आला नाही. उलट वरची चकाकी हळूहळू कमी होत गेली आणि रसायन आत जायला लागलं. जमीन ते पीत होती. ते जसजसं मुरत गेलं तसतसं एकतीस वर्षांच्या धुळीखाली, तेलाखाली, घामाखाली करडं पडलेलं सागवान जागं झालं. आधी मधासारखं पिवळं, मग तांबूस, मग त्यातल्या काळ्या रेघा एकेक करून वर आल्या, वळत, वाकत, फळीमागून फळी. दालनाच्या मधोमध, जिथं ताई रोज उभ्या राहायच्या, तिथलं लाकूड सगळ्यांत गडद निघालं.

मामांनी तीस वर्षांत हजार भिंती रंगवल्या असतील, पण ते बादली धरून तोंड उघडं टाकून उभे होते. आप्पासाहेब खुर्चीतून कधी उठले ते कळलं नाही. चपला काढून, उंबऱ्यावर हात जोडून उभे होते. मी नंतर शेकडो जमिनी केल्या. कारखान्यांच्या, दवाखान्यांच्या, एकदा तर विमान ठेवायच्या जागेची केली. पण त्या दीड तासात जे बघितलं ते पुन्हा दिसलं नाही. आपण काही लावत नव्हतोच. लाकूड दम घेत होतं, आणि आम्ही फक्त वेळेवर हजर होतो.

सहाला पाच मिनिटं कमी असताना मी शेवटचा पट्टा ओढून गच्चीच्या दारातून बाहेर पडले.

सोमवारी अकरा वाजता टाइल्सचा टेम्पो खाली येऊन उभा राहिला. वर आप्पासाहेब, ताई आणि मी. थर वाळला होता, आणि मी रात्रभर जागी होते. फुगे नव्हते, कुसळं नव्हती, हात फिरवला तर नदीतल्या गोट्यासारखं गुळगुळीत लागत होतं. पण मला भीती वेगळीच होती. फटीफटीतून मुरलेल्या त्या रसायनानं फळ्या एकमेकींना जखडल्या असतील तर? जमीन मुकी झाली असेल तर? हे सगळं करून मीच ताईंचे कान घालवले असतील तर?

ताई अनवाणी आत गेल्या. सावकाश चालत दालनाच्या पार पलीकडच्या टोकाला पोहोचल्या, आणि खिडकीकडे तोंड करून उभ्या राहिल्या. आप्पासाहेब दाराशी होते, मी त्यांच्या शेजारी.

“ताई,” आप्पासाहेब म्हणाले, “झकास झालीय हो जमीन. पण तुम्ही सांगा. टेम्पोवाल्याला काय सांगू?”

ताई खिडकीबाहेर बघत राहिल्या.

“ताई?”

आप्पासाहेबांच्या कपाळावर आठी पडली. “अहो कुमुदताई!” ते मोठ्यानं म्हणाले. दालनात आवाज घुमला. पाठमोरी मान जराही हलली नाही. आप्पासाहेबांनी आधी त्यांच्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. त्यांच्या चेहऱ्यावर काहीतरी जुळायला लागलेलं मला दिसलं.

मी चप्पल काढली, आत पाऊल टाकलं आणि टाच आपटली. एकदा. दोनदा. आवाज बारीकच झाला, पण माझ्या तळव्याखालून काहीतरी निघालं आणि फळ्यांमधून पुढं गेलं, ते मलासुद्धा कळलं.

पंचवीस हातांवर उभ्या असलेल्या ताई वळल्या.

मला रडू फुटलं. ताईंनी आधी माझ्याकडे बघितलं, मग आप्पासाहेबांच्या तोंडाकडे. “काही म्हणालात का, आप्पासाहेब? माझं लक्ष नव्हतं.”

आप्पासाहेबांनी खाली जमिनीकडे बघितलं. मग वळले आणि जिना उतरून खाली गेले. मी खिडकीतून बघितलं. ते टेम्पोवाल्याशी हात हलवून काहीतरी बोलत होते, तो वाद घालत होता. आप्पासाहेब आता ताईंच्या कानांचं मंडळाला सांगणार, आणि ते माझ्या टाचेमुळं.

ताईंना यातलं काही कळलं नव्हतं. त्यांनी पदर खोचला, पुन्हा खिडकीकडे तोंड केलं आणि पायांनी तत्कार सुरू केला. ता थेई थेई तत. आधी अगदी हलका, जमीन चाचपत असल्यासारखा, मग मोकळा. मी खिडकीपासून बाजूला होऊन भिंतीला टेकले.

खाली टेम्पो सुरू झाल्याचा आवाज आला आणि लांब गेला. जिन्यावर पावलं वाजली. आप्पासाहेब दारात आले. ताईंची पाठ त्यांच्याकडे होती. त्यांनी ओठ उघडले, पण हाक मारली नाही. सत्तरीचा तो जाडजूड माणूस चौकटीला धरून आत आला, धोतर सावरलं, उजवा पाय उचलला आणि टाच फळीवर दोनदा आपटली.

ताई थांबल्या आणि वळल्या.

आप्पासाहेब उजेडात येऊन उभे राहिले. एकेक शब्द सुटा सुटा करत म्हणाले, “टाइल्स परत पाठवल्या. वर्ग सुरू करा.” मग नमस्कार केला आणि आले तसे निघून गेले. जाताना माझ्याकडे त्यांनी बघितलंही नाही.

ताईंनी कपाळावरचा घाम पुसला. “तूच आपटलीस ना टाच? दोन्ही वेळा?”

“पहिल्यांदा मी, ताई,” मी त्यांच्यासमोर जाऊन म्हणाले. “आत्ता आप्पासाहेबांनी.”

ताईंनी माझ्या ओठांवरचे शब्द पुन्हा एकदा तपासून घेतले. मग त्या होत्या तिथंच खाली बसल्या, दोन्ही तळवे जमिनीवर ठेवले आणि अकरा वर्षांचं सगळं रडून घेतलं.